पडद्यावर अण्णांचं नाव होतं

अण्णा रागावले नाहीत असा एकही दिवस मला आठवत नाही. त्यांच्याबद्दल लिहायला बसले की मलाही राग येतो. थोडा त्यांचा, बाकीच्यांचा फार जास्त.

निपाणीत तंबाखूच्या वखारींच्या मागच्या बोळात त्यांचं घर होतं. मी नुकतीच मुलींच्या शाळेत शिक्षिका म्हणून लागले होते. बोरगावहून रोज जाणं-येणं जमेना, म्हणून आई आणि मी खोल्या बघत हिंडत होतो. अण्णा उंबऱ्यातच उभे राहिले. आत या म्हणाले नाहीत.

"मागच्या दोन खोल्या देतो. पण आधी ऐका. माझ्या खोलीतला कागद उचलायचा न्हाय, बोळा करून टाकलेला असला तरी न्हाय. आणि मी बोलत असलो तर कुणाशी बोलतोय म्हणून विचारायचं न्हाय."

"आणि भाडं?" आईनं विचारलं.

"भाड्याचं ऱ्हाऊ दे हो आक्का. हे कबूल हाय का, ते बोला."

कबूल केलं, आणि पहिल्याच आठवड्यात पस्तावलो. अण्णा नाटकं आणि पुढे बोलपटही लिहीत, आणि लिहीत म्हणजे सगळ्या पात्रांच्या आवाजात मोठ्यानं बोलत. सकाळी भाकरी थापताना पलीकडून सासू सुनेला शिव्या देतेय, सून रडतेय, मधेच सासरा खोकतोय, आणि हे सगळं एकाच गळ्यातून. एकदा तर रस्त्यानं जाणारा पोलीस आत शिरू लागला. "मार! मार मला! तुझ्यात दुसरं काय करायची ताकद हाय?" असं कुणी बाई ओरडत होती म्हणे. अण्णांनी त्याला दारातच धरलं. "तू आलास म्हणजे वाक्य जमलंय," म्हणाले, "आता जा. तुझ्यामुळं पुढचं इसरलो मी."

अण्णांचं घराणं जैन, तंबाखूच्या व्यापारातलं. घरात कन्नड, बाजारात मराठी. तरुणपणी हे एका फिरत्या नाटक मंडळीबरोबर पळून गेले आणि बऱ्याच वर्षांनी परतले, तेव्हा भावांनी हे घर त्यांच्या नावावर करून दिलं, वखारीत पाऊल टाकायचं नाही या अटीवर. "मला घर दिलं न्हाय, वखार वाचवली त्यांनी," असं अण्णा सांगत. मंदिरात जात नसत, पण जेवत मात्र सूर्य मावळायच्या आत. मी एकदा विचारलं तर अंगावरच आले. "देवाचा काय संबंध? ताटात काय पडलंय ते दिसायला नको व्हय?"

त्यांना स्तुती चालत नसे. कुणी रस्त्यात थांबवून नाटक छान झालं म्हणालं, की ते लगेच विचारत, "कुठलं वाक्य?" समोरचा गडबडे. "एकबी आठवत न्हाय? मग झोपलो हुतो म्हण की. छान कशाला म्हणतोस?" असं म्हणून चालू लागत. शिवी द्यायची झाली तर मराठीत देत, पण स्वतःच्याच लिहिण्यावर चिडले की कन्नडमध्ये ओरडत, "साकु!" म्हणजे पुरे. त्या शब्दापाठोपाठ कागद टरकावल्याचा आवाज येई.

माझ्याशी त्यांचं मोठं भांडण शाळेवरून झालं. आमच्या भागातल्या बायका स्वतःबद्दल बोलताना 'मी आलो, मी गेलो' असंच म्हणतात. माझी आई तसंच बोले, तिची आई तसंच बोलायची. शाळेत मी मुलींना 'मी आले, मी गेले' म्हणायला लावत असे. एका संध्याकाळी घरी शिकवायला घेतलेल्या मुलीला मी तसं सुधारलं आणि मधलं दार धाडकन उघडलं.

"काय चुकलं तिचं?"

"अण्णा, पुस्तकात 'आले' आहे."

"पुस्तक कुणी लिवलं? तिच्या आईनं?"

"परीक्षा घेणाऱ्याला तिची आई माहीत नाही," मी म्हटलं. "तो मार्क कापतो. तुमचं नाटक पडलं तर तुम्ही दुसरं लिहाल. हिला पुढच्या वर्गात कोण घालणार?"

ते तसेच मागे फिरले. मग दार लावून घेतलं. आठवडाभर बोलले नाहीत. मी आजही म्हणेन की माझं बरोबर होतं. त्यांचंही बरोबर होतं, आणि त्याचाच मला जास्त संताप येतो.

बोलपट निघाले तशी कोल्हापूरच्या कंपन्यांकडून त्यांना बोलावणी येऊ लागली. सगळे देवादिकांचे बोलपट. अण्णा सकाळच्या मोटारीनं जात आणि आठ-दहा दिवसांनी धुमसत परत येत. "राक्षसाला राग आला की मला बोलावत्यात," म्हणत. "देव शांत झाला की दुसरा कोण तरी लिवतो." पण हात चालत होता, नाव होत होतं. गावात लोक त्यांच्याकडे बोट दाखवत.

याच काळात त्यांच्या डोक्यात चंद्राक्का शिरली.

चंद्राक्का वखारीत तंबाखू निवडायला जायची. चाळिशीची, काटक, बोलायला कमी. त्या धुळीत दिवसभर बसून बायकांच्या नाकाडोळ्यांतून पाणी वाहायचं, शिंका थांबायच्या नाहीत. एके दिवशी एक गरोदर बाई काम सोडून भिंतीला टेकली आणि मुकादमानं तिच्यावर छडी उगारली. चंद्राक्कानं उठून त्याचा हात धरला. झालं एवढंच. पण निपाणीत ही गोष्ट महिनाभर फिरत होती, आणि दर वळणावर चंद्राक्काच्या तोंडी नवीन वाक्य येत होतं.

अण्णांनी त्यावर अख्खा बोलपट लिहिला. राम नाही, रावण नाही. वखार, धूळ, आणि तिथल्या बाया त्यांच्या स्वतःच्या बोलीत बोलणाऱ्या. छडीचा प्रसंग ते इतक्या वेळा बोलले की माझ्या आईलाही पाठ झाला. त्यात ती बाई मुकादमाला म्हणते, "हात खाली घे मुकादम! तंबाखू तोलायचा हात हाय तुझा, माणसं तोलायचा न्हाय!" हे वाक्य सापडलं तेव्हा ते आमच्या खोलीत धावत आले होते. आईला म्हणाले, "आक्का, हे हाय बघा. ह्येच्यासाठी मी घर सोडून पळालो हुतो."

कोल्हापूरच्या एका कंपनीच्या शेठना कथा पसंत पडली. अण्णा कागद देऊन आले. चित्रण सुरू झालं तेव्हा त्यांना बोलावलं नाही. त्यांनी दोनदा विचारणा केली, तर पाऊस लांबलाय, सेट तयार नाही, अशी उत्तरं आली. मग एकदम जाहिरातच लागली. बोलपट बेळगावात आला होता.

आम्ही सगळे गेलो. अण्णा, आई, मी, चंद्राक्का आणि वखारीतल्या आणखी चौघी. त्या बायकांनी दिवसाची मजुरी सोडली होती. धुतलेली लुगडी नेसल्या होत्या, डोक्यात अबोली होती. चंद्राक्का मोटारीत बसताना मला म्हणाली, "बाई, मला वाचाय येत न्हाय. अण्णांचं नाव आलं की सांगा हं."

दुपारचा खेळ. अंधार झाला, बाजा वाजला आणि पडद्यावर अक्षरं आली. कथा आणि संवाद, आणि खाली अण्णांचं संपूर्ण नाव, चांगलं मोठं. मी चंद्राक्काच्या कानात वाचून दाखवलं. तिनं टाळी वाजवली. निपाणीचे आणखी काही लोक आले होते, त्यांनीही वाजवली.

मग एक वखार दिसली, स्वच्छ झाडलेली. नायिका आली. इस्त्रीचं पातळ, गळ्यात मोत्यांचा सर, आणि तोंडात पुण्याच्या पुस्तकातली भाषा. मला वाटलं, असेल, नटी तिकडची असेल. इतक्यात डोक्यावर टोपली घेऊन एक जाडजूड पुरुष लुगडं नेसून धडपडत आत शिरला. शिंकला. टोपली पडली. कमरेवर हात ठेवून तो म्हणाला, "मी आलो गं बाई, मी आलो!"

थिएटर फुटेल असं हसलं.

मला अजून तो आवाज ऐकू येतो. हसणारे कोण होते? बेळगावच्या आसपासचेच, खासबागचे, उचगावचे, खानापूरकडचे. प्रत्येकाच्या घरी आई, बहीण, बायको 'मी आलो' म्हणूनच आत येत होती. त्यांच्याच घरातलं बोलणं एका बाप्याच्या तोंडी घालून, वर एक शिंक घालून दिल्याबरोबर त्यांना ते हसण्यासारखं वाटलं. पडद्यावर झालं म्हणजे हसायचं, एवढं त्यांना कुणी तरी शिकवलं होतं. तो बाप्या परत परत आला. 'लई' म्हणाला, 'न्हाय' म्हणाला, नाक शिंकरलं. अण्णांनी ज्या बाया लिहिल्या होत्या, त्या सगळ्या मिळून हे एक सोंग झालं होतं.

चंद्राक्का माझ्या शेजारी बसली होती. पदर तिनं तोंडावर घेतला होता आणि हलत नव्हती.

छडीचा प्रसंग आला. मुकादमानं छडी उगारली. नायिकेनं हात जोडले आणि म्हणाली, "मुकादम, आपण थोर आहात. या अबलेवर दया करा." पडद्यावरच्या वखारीबाहेर मोटारीचा भोंगा वाजला. मालकाचा मुंबईला शिकलेला मुलगा सुटाबुटात येऊ लागला.

आणि आमच्या रांगेतून अण्णा उठले. खुर्चीवरच चढले.

"हात खाली घे मुकादम!" असे ओरडले की पुढच्या रांगा मागे वळल्या. "तंबाखू तोलायचा हात हाय तुझा, माणसं तोलायचा न्हाय!"

"ए, बस खाली!"

अण्णा थांबले नाहीत. पडद्यावर नायिका डोळे टिपत होती आणि हे तिच्यावर आवाज चढवून मूळचा प्रसंग बोलत होते, सगळ्या बायकांचे सगळे आवाज, एकामागून एक. कुणी शेंगांची टरफलं फेकली. कुणी शीळ घातली. "येडा झालाय, येडा!" काही लोक पडद्यापेक्षा यांनाच जास्त हसू लागले. दारावरचे दोघे आणि व्यवस्थापक धावत आले. व्यवस्थापकानं त्यांना ओळखलं.

"अहो, हा तुमचाच बोलपट ना?"

"माझा असता तर गप बसून बघितला असता की!" अण्णा म्हणाले आणि त्याच्या सदऱ्याला धरलं. त्यांना ओढत बाहेर काढलं. आम्ही मागून निघालो. पायरीवर पडून त्यांचा गुडघा फुटला होता आणि त्यांचं तिकडे लक्षही नव्हतं.

निपाणीला उतरल्यावर चंद्राक्का त्यांच्यासमोर उभी राहिली.

"अण्णा, आमी अशा दिसताव व्हय तुमास्नी?"

"मी न्हाय लिवलं त्ये. देवाशप्पत न्हाय लिवलं."

"मग वर नाव कुणाचं हुतं? बाईंनी वाचून दावलं मला."

चंद्राक्का बायकांना घेऊन निघून गेली. वखारीत दुसऱ्या दिवसापासून मुकादम त्यांना "मी आलो गं बाई" म्हणून हाका मारू लागला. त्यांनी मजुरी सोडून जे बघितलं, ते रोज त्यांच्या कानावर पडू लागलं.

बोलपट चालला. तुफान चालला. गावातल्या प्रतिष्ठितांना सत्कार करायची हौस आली. तिघे जण हार-नारळाचं विचारायला आले, त्यातले एक वखारवालेच होते. अण्णांनी त्यांना बोळाच्या तोंडापर्यंत हाकललं. मग ते कोल्हापूरला गेले आणि शेठना म्हणाले, माझं नाव काढा. शेठ खूप हसले म्हणे.

"लोक नाव लागावं म्हणून माझ्या पाया पडतात, आणि तुम्ही काढा म्हणता?"

"माझं लिवलेलं चोरलं असतं तर चाललं असतं," अण्णा म्हणाले. "दुसऱ्याचं पाप माझ्या नावावर कशाला चढवता?"

"पाप? सगळीकडे लोक हसतायत. तुम्हाला पुढचा चित्रपट देतो, असलाच विनोदी लिहा."

अण्णांनी त्यांच्या टेबलावरची दौत उलटी केली. इतका मोठा शेठ, पण शाई सांडली म्हणून पोरासारखा ओरडत उठला, असं सांगताना मात्र ते जरा खूश दिसले. त्या दिवसानंतर कुठल्याच कंपनीचं बोलावणं आलं नाही. त्यांचं नाव मात्र गावोगाव पडद्यावर झळकत राहिलं.

लढाईचे दिवस आले. कागद मिळेना, रॉकेल मिळेना. अण्णा जाहिरातींच्या मागच्या कोऱ्या बाजूवर तीच गोष्ट नाटक म्हणून पुन्हा लिहीत होते. अंगावर हाडं राहिली होती, खोकला लागला होता, पण आवाज तसाच. नाटक लिहून झालं तेव्हा त्यांना ते चंद्राक्काला ऐकवायचं होतं. ती तर त्यांना बघून रस्ता बदलायची. शेवटी माझी आई गेली. काय बोलली कोण जाणे, पण एका रविवारी दुपारी चंद्राक्का आमच्या सोप्यात येऊन दाराजवळ बसली.

अण्णांनी वाचायला सुरुवात केली. चंद्राक्का खाली बघून ऐकत होती. मधे एकदोनदा हसू आलं तिला, ते तिनं दाबलं. छडीचा प्रसंग आला. अण्णा उभे राहिले. "हात खाली घे मुकादम!" आमच्या सोप्याचे वासे हादरले.

चंद्राक्कानं मान वर केली. "ह्ये मी कवा बोललो?"

"काय?"

"मी काय बोललोच न्हाय, अण्णा. तोंडातनं शब्द फुटंना. भ्यालो हुतो लई. नुसता त्याचा हात धरला आन् धरूनच ऱ्हायलो. त्योबी बोलंना. मग त्यानंच हात सोडीवला."

अण्णांचा चेहरा काळा पडला. "मग बोलायला पायजे हुतंस!" ते तिच्यावरच ओरडले. "नुसता हात धरून नाटक हुतंय व्हय? मागं बसलेल्या माणसाला काय कळंल?"

"त्ये मला म्हायत न्हाय," चंद्राक्का म्हणाली. तिच्या आवाजात राग नव्हता. "तुमचा त्यो शेटबी असंच म्हणाला आसंल."

आईनं माझा हात घट्ट धरला. मला वाटलं, अण्णा कागद तरी फाडतील नाही तर तिला बाहेर तरी काढतील. त्यांनी कागद गोळा केले. मग वळून स्वतःच्या खोलीत गेले आणि दार लावलं. त्या दिवशी त्या खोलीतून काहीही ऐकू आलं नाही. त्या घरात राहायला आल्यापासून मला पहिल्यांदाच भीती वाटली.

दुसऱ्या दिवशी मी शाळेतून येताना बघितलं, तर अण्णा चंद्राक्काच्या दारात पोत्यावर बसले होते. ती तांदूळ निवडत होती.

"त्यानं हात सोडीवला," अण्णा विचारत होते, "मग?"

"मग काय? परत खाली बसलो. तंबाखू निवडाय लागलो."

"आणि ती गरोदर बाई?"

"तीबी."

"घरी जाऊन काय केलंस?"

"हात धुतला. लई येळ धुतला. त्याच्या हाताला तेल हुतं, वास जाईना."

"हे आधी का सांगितलं न्हाईस?" अण्णा ओरडले.

"तुमी कवा इचारलं?"

नंतर ते रोजच तिथं दिसू लागले. ती सांगे, ते लिहीत. ती "खोडा त्ये" म्हणाली की दात-ओठ खात खोडत. माफी त्यांनी मागितली नाही, ती त्यांना जमलीच नसती. नाटकातून ते वाक्य गेलं. त्या जागी एक बाई एका पुरुषाचा हात धरते आणि बराच वेळ कुणीच बोलत नाही. आयुष्यभर शब्दांवरून भांडलेल्या माणसाला ती शांतता लिहिताना किती जड गेलं असेल, ते मी भिंतीपलीकडून ऐकलंय. "साकु! साकु!" असं ते स्वतःलाच ओरडत होते.

नाटक मंडळ्यांना नाटक पाठवलं. परत आलं. भाषा शुद्ध करून द्या, विचार करू, असं एकानं कळवलं. दुसऱ्यानं विचारलं, त्या बोलपटातलं लुगड्यातलं पात्र यात का नाही?

स्वातंत्र्य महिनाभरावर आलं असताना अण्णा गेले. खोकल्यानं गेले, आणि जाताना डॉक्टरांशी भांडत गेले. शेठची तार आली, तुमच्या गावचा हास्यसम्राट हरपला म्हणून. मी ती चुलीत घातली. वखारी त्या दिवशी चालूच होत्या. चंद्राक्का आणि त्या चौघी काम टाकून आल्या, आणि मुकादमानं काय म्हणायचं ते म्हणावं, असं सांगून शेवटपर्यंत थांबल्या.

त्यानंतर दोनेक महिन्यांनी मुंबईहून एक गृहस्थ आले. सिनेमाच्या साप्ताहिकात लिहीत होते. अण्णांवर लेख करायचा होता. खुर्चीत ऐसपैस बसून त्यांनी पहिलाच प्रश्न विचारला, "ते लुगड्यातलं विनोदी पात्र त्यांना सुचलं कसं हो?"

मी आत गेले आणि नाटकाचे कागद आणून त्यांच्या हातात दिले. "हे त्यांनी लिहिलेलं. आधी हे वाचा."

त्यांनी पहिलं पान बघितलं, मग मधलं एक. "अरेरे," म्हणाले, "हे शुद्ध मराठीत नाही का?"

मी कागद त्यांच्या हातातून काढून घेतले. नीट एकावर एक लावले. मग दार उघडून उभी राहिले.

"बाहेर ऊन फार आहे हो," ते उठता उठता म्हणाले. "जरा टेकतो, मग निघतो."

"मोटारस्टँडवर सावली आहे," मी म्हटलं.